इझा मिरांदा: एका इटालियन नटीची कारकीर्द वाचनालयाच्या पडद्यावर कशी मांडावी

बेळगाव, खानापूर, निपाणीकडच्या वाचनालयांत किंवा कॉलेजच्या चित्रपट मंडळांत जुन्या परदेशी नटीवर कार्यक्रम ठरला की बहुतेक वेळा एकच प्रकार होतो. कुणीतरी नेटवरून चित्रपटांची यादी उतरवून आणतो, ती वाचून दाखवतो, मध्ये दोन-चार तुकडे लावतो, आणि चहाच्या वेळेपर्यंत लोक नटीचं नावही विसरलेले असतात. यादी म्हणजे कारकीर्द नव्हे. बोलपटाच्या पहिल्या दशकातली नटी मांडायची असेल तर एकच प्रश्न धरून बसावं: ती कुठल्या भाषेत बोलली, आणि तीच भूमिका दुसऱ्या भाषेत कुणी केली? मूकपटाच्या काळात मधल्या पाट्या बदलल्या की चित्रपट कुठल्याही देशात चालायचा. आवाज आला आणि ती सोय संपली. सीमाभागातल्या प्रेक्षकाला हे फार समजावून सांगावं लागत नाही. घरात मराठी, कचेरीत कन्नड आणि थिएटरात हिंदी हे त्याचं रोजचंच आहे.

खालची सगळी मापं ४० ते ५० खुर्च्यांच्या हॉलसाठी आणि सव्वादोन तासांच्या कार्यक्रमासाठी आहेत.

नटी निवडताना

आधी पूर्ण चित्रपट बरा दिसेल-ऐकू येईल अशा प्रतीत मिळतो का ते बघावं, आवडनिवड नंतर. पहिला मोह द्रिया पाओलाचा होतो. १९३० साली प्रदर्शित झालेला पहिला इटालियन बोलपट ‘ला कान्त्सोने देल्लामोरे’ तिचा. दिग्दर्शक जेन्नारो रिगेल्ली, कथा इटालियन लेखक पिरांदेल्लोची. पण तिच्या एकटीवर अख्खी संध्याकाळ उभी करणं जड जातं. लिया फ्रांकाचंही तसंच. दिग्दर्शक कामेरिनीच्या १९३२ च्या ‘ली उओमिनी, के मास्काल्त्सोनी’मध्ये मिलान शहरात, खऱ्याखुऱ्या रस्त्यांवर, तरुण वित्तोरिओ दे सिकाबरोबर ती इतकी मोकळी वावरते की पुढे तिचं नाव फारसं का दिसत नाही याची चुटपुट लागते. या दोघींना प्रस्तावनेतच जागा द्यावी.

पूर्ण चित्रपटासाठी इझा मिरांदा घ्यावी. मिलानची मुलगी, मूळ नाव इनेस इझाबेल्ला साम्पिएत्रो. टायपिस्टचं काम, मॉडेलिंग, किरकोळ भूमिका असं करत १९३४ साली दिग्दर्शक माक्स ओफ्युल्सच्या ‘ला सिन्योरा दी तुत्ती’मध्ये एकदम मध्यभागी आली. पूर्ण दाखवायचा चित्रपट हाच. त्यापुढे जर्मन, फ्रेंच, हॉलिवूड, परत इटली, १९४९ मध्ये कान महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा मान, १९५५ मध्ये डेव्हिड लीनच्या ‘समरटाइम’मध्ये व्हेनिसच्या अतिथिगृहाची मालकीण. चढ-उतार दोन्ही आहेत आणि जवळजवळ प्रत्येक वळणावर भाषा आहे.

आधी तक्ता, मग भाषण

लॅपटॉपवर किंवा आखीव वहीत आठ रकाने पाडावेत: मूळ इटालियन नाव, चित्रण कधी झालं, प्रदर्शन कधी, दिग्दर्शक, निर्मिती संस्था, भाषा, दुसऱ्या भाषेतल्या आवृत्त्या व त्यातली नटी, आणि प्रत कुठे मिळते. सहावा आणि सातवा रकाना हे या कामाचं मर्म. बाकीचे कुठल्याही यादीत तयार मिळतात.

चित्रण आणि प्रदर्शन वेगळे ठेवायचं कारण एका उदाहरणातच कळतं. दिग्दर्शक ब्लासेत्तीचा ‘रेसुर्रेक्त्सिओ’ हा बोलपट ‘ला कान्त्सोने देल्लामोरे’च्या आधी तयार झाला, पण प्रदर्शित झाला १९३१ मध्ये. ‘पहिला इटालियन बोलपट कोणता?’ या प्रश्नावर जी हुज्जत चालते ती एवढ्यावरून. एकच ‘वर्ष’ रकाना ठेवला की आपणही त्या हुज्जतीत सापडतो, आणि शेवटच्या रांगेतले निवृत्त मास्तर नेमका तोच प्रश्न विचारतात.

जन्मसालाचंही सांभाळावं. मिरांदाचं जन्मवर्ष कुठे १९०५ तर कुठे १९०९ छापलेलं आढळतं. त्या काळात नट्यांचं वय कमी सांगण्याची रीतच होती. पत्रकावर ‘१९०५ (काही ठिकाणी १९०९)’ असं लिहून मोकळं व्हावं. वयाचा हिशेब करून विधानं करू नयेत.

आता सातवा रकाना. डबिंग रुळण्याआधी निर्माते एकच कथा, अनेकदा त्याच सेटवर, दोन-तीन भाषांत वेगवेगळे नट घेऊन काढायचे. ‘ला कान्त्सोने देल्लामोरे’च्या फ्रेंच आणि जर्मन आवृत्त्या निघाल्या, त्यांत नायिका द्रिया पाओला नाही. याहून बोलकं उदाहरण १९३१ च्या ‘ला सेग्रेतारिया प्रिवाता’चं. बँकेतल्या टायपिस्ट मुलीची ही कथा, मूळ चित्रपट जर्मन. जर्मनमध्ये रेनाटे म्युलर, फ्रेंचमध्ये मारी ग्लोरी, इटालियनमध्ये एल्सा मेर्लीनी, आणि इंग्रजीत पुन्हा रेनाटे म्युलर, कारण तिला इंग्रजी पेलत होतं. तक्त्यात ही एक ओळ चार चौकटींत मांडून पडद्यावर दाखवली की प्रेक्षक लगेच विषयात येतो. जी नटी दोन भाषा बोलू शके तिला दोन बाजारपेठा, बाकीच्या आपापल्या सीमेच्या आत.

मिरांदाच्या ओळी भरताना हेच सूत्र सांभाळावं. १९३६ चा ‘उना दोन्ना त्रा दुए मोन्दी’ हा इटालियन, आणि त्याचीच जर्मन आवृत्ती ‘डी लीबे डेस महाराजा’. होय, कथेत महाराजा आहे. आपल्याकडच्या प्रेक्षकाला यात गंमत वाटणारच, ती दोन वाक्यांत उरकावी. १९३७ साली पिरांदेल्लोच्या ‘इल फू मात्तिया पास्काल’वर प्येर शनालने केलेला चित्रपट फ्रेंच आणि इटालियन दोन्हींत निघाला, त्यातही ती आहे. त्याच वर्षी गाल्लोनेचा भव्य आणि सरकारी थाटाचा ‘शिपिओने लाफ्रिकानो’. मग हॉलिवूडची पॅरामाउंट कंपनी तिला अमेरिकेला घेऊन गेली, कारण त्यांना दुसरी मार्लीन डीट्रिश (जर्मनीहून आलेली त्यांची बडी नटी) हवी होती. १९३९ चा ‘हॉटेल इम्पीरियल’ हा तर डीट्रिशला घेऊन १९३६ मध्ये सुरू झालेल्या आणि अर्धवट टाकलेल्या चित्रपटाचाच विषय. १९४० मध्ये ‘ॲडव्हेंचर इन डायमंड्स’ झाला आणि हॉलिवूड प्रकरण आटोपलं. १९४२ मध्ये ती सोल्दातीच्या ‘मालोम्ब्रा’त परत इटालियन बोलताना दिसते. १९४९ चा कानचा मान तिला मिळाला तो रने क्लेमाँच्या चित्रपटासाठी. जेनोआ बंदरात चित्रित झालेल्या या फ्रेंच-इटालियन चित्रपटात समोर जाँ गाबाँ.

तक्ता भरून झाला की इटालियनला एक रंग, इतर भाषांना दुसरा रंग द्यावा. तिची सगळी वाट त्या दोन रंगांत दिसते. हाच कागद झेरॉक्स करून वाटावा. काळ्या-पांढऱ्या झेरॉक्समध्ये रंग जातात, म्हणून एका भाषेला तिरप्या रेघा माराव्यात.

नावं देवनागरीत लिहिताना इंग्रजी उच्चारावरून जाऊ नये. इटालियन त आणि द दंत्य आहेत, मराठीला ते अगदी सोयीचे. म्हणून मिरांडा नव्हे मिरांदा, ब्लासेट्टी नव्हे ब्लासेत्ती. जोडव्यंजन ऐकू येतं तिथे ते लिहावं. एकदा ठरवलेलं लेखन पत्रक, सबटायटल आणि फलक तिन्हीकडे तेच ठेवावं.

प्रस्तावना: बारा मिनिटं, त्यावर नाही

सावकाश मराठी बोलणारा माणूस मिनिटाला ११० शब्दांच्या आसपास जातो. तुकडे सहा मिनिटं खातात, म्हणजे बोलायला साडेसहाशे शब्दच उरतात. ते लिहून काढावेत.

सुरुवात इटलीपासून करू नये, कोल्हापूरपासून करावी. १९३२ साली प्रभातने ‘अयोध्येचा राजा’ मराठीत आणि हिंदीत असा दोनदा चित्रित केला आणि दुर्गा खोटे दोन्हींत आहेत. पहिला कन्नड बोलपट ‘सती सुलोचना’ १९३४ चा, आणि त्याचं चित्रण झालं कोल्हापुरातच. ‘ला सिन्योरा दी तुत्ती’ही १९३४ चाच. बेळगावात बसलेल्या कन्नड आणि मराठी दोन्ही प्रेक्षकांना एवढा पूल पुरतो. तिथून रोमच्या चिनेस स्टुडिओवर सरळ जाता येतं.

पार्श्वभूमीतल्या तीन गोष्टी एकेका वाक्यात सांगाव्यात. १९३० मध्ये मुसोलिनी सरकारने परदेशी भाषेतल्या संवादांवर बंदी घातली, त्यामुळे आलेले बोलपट मुके करून, मध्ये पाट्या घालून दाखवले जात. १९३३ मध्ये डबिंग इटलीतच करण्याची सक्ती आली. १९३७ मध्ये चिनेचित्ता स्टुडिओ उघडला. फॅसिस्ट राजवटीवर याहून जास्त बोलायचं असेल तर ती वेगळी संध्याकाळ ठेवावी. इथे ते शिरलं की चर्चा नटीवर परत येत नाही.

तुकडे दोनच: लिया फ्रांकाचा मिलानमधला आणि एल्सा मेर्लीनीचा गाण्यातला, प्रत्येकी तीन मिनिटं. एक मोकळ्या हवेतली, एक रंगभूमीवरून आलेली. संगीत नाटकावर पोसलेला आपला प्रेक्षक मेर्लीनीची गाण्याची ऐट लगेच ओळखतो. मग मिरांदा आली की तिचं थंड, सावकाश, जवळजवळ झोपेतलं बोलणं वेगळं उठून दिसतं.

प्रत, पडदा, आवाज

सर्वांत जास्त बिघाड इथे होतात, म्हणून हे आठवडाभर आधी तपासावं.

युरोपातल्या डीव्हीडीवर रिजन (डिस्क जगाच्या कुठल्या भागात चालावी याचा आकडा) २ असतो, आपल्या प्लेअरचा रिजन ५. डिस्क आयत्या वेळी चालत नाही ती यामुळे. सगळे रिजन चालवणारा प्लेअर किंवा लॅपटॉपवर व्हीएलसी हे चित्रपट चालवायचं सॉफ्टवेअर वापरावं. दुसरी गोष्ट वेगाची. चित्रपट सेकंदाला २४ चौकटींचा, युरोपची टीव्ही-डीव्हीडीची पाल पद्धत २५ ची. म्हणून तिकडच्या डिस्कवर चित्रपट ४ टक्के जलद पळतो. ९० मिनिटांचा चित्रपट ८६ मिनिटं २४ सेकंदांत संपतो आणि आवाज सुमारे पाऊण अर्धसुराने चढतो. आवाजावरच कार्यक्रम बेतलेला असताना हे चालणार नाही. व्हीएलसीमध्ये वेग ०.९६ करावा आणि ऑडिओच्या सेटिंगमधली ‘टाइम-स्ट्रेचिंग’ची खूण काढावी. ती राहिली तर वेग उतरतो पण स्वर चढाच राहतो. काही डिस्कवर स्वर आधीच दुरुस्त केलेला असतो. तिथे उलट ही खूण ठेवावी, नाहीतर बायका पुरुषी आवाजात बोलू लागतात. कानाने तपासावं.

चित्राचा आकार बघा. अगदी सुरुवातीच्या बोलपटांत ध्वनिपट्टीने फिल्मवरची जागा खाल्ल्यामुळे चित्र जवळजवळ चौकोनी, १.१९ ला १ असायचं. १९३२ नंतर १.३७ ला १ रूढ होत गेलं. आजचा प्रोजेक्टर १६:९ चा. ८ फूट रुंद पडद्यावर उंची साडेचार फूट मिळते, त्यात १.३७ चं चित्र ६ फुटांपेक्षा थोडं जास्त रुंद बसतं आणि दोन्ही बाजूंना सुमारे ११ इंच काळं राहतं. ते राहू द्यावं. कुणीतरी हमखास उठून ‘पडदा भरून घ्या की’ म्हणतं. चित्र ताणलं की मिरांदाचा चेहरा पाटासारखा होतो, आणि या चित्रपटात चेहराच सगळं काही आहे. पहिली रांग पडद्यापासून १२ फुटांवर ठेवावी.

त्या काळच्या ध्वनिपट्टीत ७-८ हजार हर्ट्झच्या वर उपयोगाचं फारसं नसतं, खरखर तेवढी असते. मिक्सरवर ८ हजारांच्या वरचं आणि १०० च्या खालचं उतरवावं. आवाज एकपदरी आहे, म्हणून स्पीकर एकच, पडद्याखाली मध्यभागी, बसलेल्या माणसाच्या कानाच्या उंचीवर. दोन बाजूंना दोन लावले की कडेच्या खुर्च्यांना शब्द फुटके ऐकू येतात. लग्नाच्या मंडपातले मोठे बास स्पीकर तर नकोच.

पत्र्याचं छप्पर असेल तर जून ते सप्टेंबर कार्यक्रम ठेवू नये. बेळगाव-खानापूरचा पाऊस पत्र्यावर सुरू झाला की १९३४ चा संवाद ऐकू येणं शक्य नाही. गणेशोत्सवाचे दिवसही टाळावेत. नोव्हेंबर ते फेब्रुवारी बरं, सात वाजेपर्यंत पूर्ण अंधार होतो.

लाईट गेली तर? प्रोजेक्टर ३०० वॅट, लॅपटॉप ६०, ॲम्प्लिफायर ४०-५०, म्हणजे साधारण ४०० वॅट. संगणकाच्या ६०० व्हीएच्या यूपीएसवर यासाठी भरवसा ठेवू नये. १००० व्हीएचा इन्व्हर्टर आणि १५० एएचची चांगली बॅटरी असेल तर अडीच तास निघतात. दिव्याचा प्रोजेक्टर एकदम बंद पडला तर पंखा थांबून दिवा तापतो आणि त्याचं आयुष्य घटतं. म्हणून इन्व्हर्टर सुरुवातीपासूनच जोडलेला हवा, लाईट गेल्यावर जोडू म्हणून भागत नाही.

हक्कांबद्दल: भारतीय कायद्यात चित्रपटाचा हक्क प्रदर्शनाच्या पुढच्या वर्षापासून ६० वर्षं. त्यावरून १९३४ चा चित्रपट मोकळा झाला असं समजून गाफील राहू नये. संगीताचा हिशेब संगीतकाराच्या मृत्यूपासून होतो. या चित्रपटाचे संगीतकार दानिएले अम्फितेआत्रोफ १९८३ मध्ये वारले, म्हणजे ती मुदत २०४३ पर्यंत जाते. नव्याने दुरुस्त केलेली प्रत आणि छापील सबटायटल यांवरही कुणाचा तरी हक्क असतो. डिस्क काढणाऱ्या कंपनीला मेल करून लेखी परवानगी मागावी, कार्यक्रम सभासदांपुरता ठेवावा, तिकीट लावू नये.

मराठी सबटायटल

इंग्रजी सबटायटलवरून मराठी करताना ओळीला ३५ अक्षरं, एका वेळी दोन ओळी, पडद्यावर कमीत कमी सव्वा सेकंद आणि जास्तीत जास्त सहा. वाचनाचा वेग सेकंदाला १२-१३ अक्षरांच्या वर नेऊ नये. हॉलमध्ये चष्मे विसरून आलेले लोक असतात. साडेचार फूट उंचीच्या चित्रात अक्षर ३ इंचांहून लहान नको. मात्रा आणि जोडाक्षरांमुळे देवनागरीला इंग्रजीपेक्षा जास्त उंची लागते.

फाईल यूटीएफ-८ या अक्षरसंकेतातच जतन करावी, नाहीतर पडद्यावर प्रश्नचिन्हं येतात. जोडाक्षरं फुटून दिसली तर फॉन्ट बदलून नोटो सान्स देवनागरी घ्यावा. तरीही फुटली तर सबटायटल चित्रातच छापून नवी फाईल करावी.

सबटायटल २४ च्या हिशेबाने केलेली आणि प्रत २५ ची असेल तर सुरुवातीला सगळं जुळतं. दहाव्या मिनिटाला चोवीस सेकंद मागे, शेवटी साडेतीन मिनिटं मागे. दोन-चार सेकंद पुढे-मागे सरकवून हे सुटत नाही, कारण फरक वाढत जातो. सबटायटल एडिट या सॉफ्टवेअरमध्ये फ्रेम-रेट २४ वरून २५ करावा, मग पहिला आणि शेवटचा संवाद दोन्ही तपासावेत. फक्त पहिला तपासला तर काहीच तपासलेलं नसतं.

कन्नड प्रेक्षकांसाठी पडद्यावर दुसरी सबटायटल घालायचा हट्ट करू नये. चार ओळी झाल्या की चित्र दिसत नाही. पत्रकाच्या मागच्या बाजूला कन्नडमध्ये कथासार, पात्रांची नावं आणि नाती द्यावीत. निवेदकाने आधी दोन मिनिटं कन्नडमध्ये बोलावं.

त्या संध्याकाळी

सुरू करण्यापूर्वी एक सूचना आवश्यक: चित्रपटात सुरुवातीलाच आत्महत्येचा प्रयत्न आहे, लहान मुलांना आणू नये. हे पत्रकावरही छापावं.

प्रेक्षकांना आधी बघायला चार जागा सांगाव्यात, कथा फोडू नये. पहिली, अगदी सुरुवात: फिरणारी ग्रामोफोनची तबकडी, आणि नटीच्या पैशांवरून चाललेली घासाघीस. नटी दिसण्याआधी तिचा आवाज विकला जातोय. दुसरी, भूल देण्याचा मुखवटा खाली येतो आणि आठवण सुरू होते. तिसरी, तळ्याकाठी मोटार आणि पाण्यात होडी शेजारी शेजारी जातात तो प्रसंग. चौथी, छापखान्यात तिचं पोस्टर छापणारं यंत्र. तिसऱ्या जागी कॅमेऱ्याकडे लक्ष द्या एवढंच म्हणावं. ओफ्युल्सचा कॅमेरा माणसांच्या आधी हलतो, ते ज्याचं त्याला दिसू द्यावं.

वेळ अशी: सहा वाजता दारं उघडी, सव्वासहाला प्रस्तावना, साडेसहाला चित्रपट, आठला वीस मिनिटं चर्चा. मध्यंतर नको. दीड तासाच्या चित्रपटाला मधे तोडलं की चहावरून लोक परतत नाहीत, आणि आठवणींची साखळी तुटते ती वेगळीच. चहा शेवटी.

चर्चेला पहिला प्रश्न आपण टाकावा, नाहीतर ‘छान होता’ वर संपतं. ‘हीच भूमिका हिंदीत आणि मराठीत काढायची असती तर एकच नटी चालली असती का?’ हा प्रश्न चांगला पेटतो. तक्ता पुन्हा पडद्यावर लावून ठेवावा. हॉलिवूडमध्ये ती का टिकली नाही असं कुणी विचारलंच तर एकच कारण ठासून सांगू नये. नव्या भाषेत, दुसऱ्या नटीच्या जागेवर उभं केलं गेलं, आणि दोन चित्रपटांत ते आटोपलं, एवढं तक्त्यातून दिसतं. तेवढंच सांगावं.

दुसऱ्या दिवशी तक्ता, सबटायटल आणि प्रस्तावना एका पेनड्राईव्हवर ठेवून वाचनालयात द्यावं. सबटायटलच्या फाईलच्या नावातच २४ की २५ ते लिहावं. पुढे चिकोडी किंवा अथणीचं मंडळ तीच फाईल मागून नेतं, त्यांच्याकडे प्रत वेगळी असते, आणि नावात आकडा नसेल तर तो साडेतीन मिनिटांचा घोळ त्यांच्या हॉलमध्ये नव्याने सुरू होतो.